किडे भारी पडतायत? फॅक्टोरिओमधली शत्रूची सेटिंग्ज, एकेक करून

हे आपल्या ताज्या एपिसोडचं लेखी रूप. बसमध्ये नेटवर्क गेलं, किंवा आकडे कानाने पकडता येईनात, म्हणून बरेच जण एपिसोड वाचतात. आज आकडे जरा जास्तच आहेत, त्यामुळे हे जपून ठेवा.

सुरुवात एका फोनपासून. माझा चुलतभाऊ धावड्याला असतो, म्हणजे आमच्या गावी, भोकरदन तालुक्यात. माझा जुना लॅपटॉप मी त्याला देऊन टाकलाय आणि त्यावर तो फॅक्टोरिओ खेळतो. रात्री अकराला त्याचा फोन.

"दादा, गेम डिलीट करू का?"

"का रे, काय झालं?"

"किडे ऐकतच नाहीत. रोज मारतो, रोज जास्त येतात. आता तर गोळ्या लागूनही मरेनात. वीस तासांची फॅक्टरी आहे, दादा."

वीस तास म्हणजे कॉलेज, शेतातलं काम आणि लोडशेडिंग सांभाळून काढलेले वीस तास. ते वाया जाऊ नयेत म्हणून हा एपिसोड.

हा गेम नेमका काय आहे

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी दोन ओळी. फॅक्टोरिओ हा प्रागच्या वुबे सॉफ्टवेअरचा गेम. २०१६ मध्ये तो स्टीमवर आला, २०२० मध्ये त्याची १.० आवृत्ती आली आणि ऑक्टोबर २०२४ मध्ये २.०. तुम्ही एका अनोळखी ग्रहावर अडकलेले असता. लोखंड, तांबं, कोळसा काढायचा, मशीन बनवायची, त्या मशीनकडून आणखी मशीन बनवून घ्यायची आणि शेवटी रॉकेट उडवायचं. ग्रहावर आधीपासून राहणारे किडे आहेत, त्यांना बायटर म्हणतात. तुमच्या फॅक्टरीचा धूर त्यांच्या घरट्यापर्यंत पोचला की ते चालून येतात.

गेम मोबाईलवर नाही, पण साध्या लॅपटॉपवर चालतो आणि त्याचा फुकट डेमोही आहे.

आता मुद्दा. बऱ्याच गेममध्ये 'सोपं, मध्यम, अवघड' अशी तीन बटणं असतात. इथे तसं एकच बटण नाही. 'अवघड' या एका शब्दाचे इथे चार-पाच तुकडे केलेत आणि प्रत्येकाची वेगळी किल्ली आहे. किडे किती दूर असतील, किती संख्येने येतील, किती लवकर मोठे होतील, आणि तुम्ही मोकळी केलेली जागा परत बळकावतील का. म्हणून 'गेम अवघड आहे' असं म्हणून भागत नाही. नेमकं काय दुखतंय ते आधी सांगता आलं पाहिजे. डॉक्टरकडे जाऊन नुसतं 'दुखतंय' म्हटलं तर तो काय देणार?

आधी तपासणी, मग औषध

भावाला मी पहिली गोष्ट करायला सांगितली ती ही: गेममध्ये चॅटची पट्टी उघड, स्लॅश दे, त्यापुढे इंग्रजीत 'इव्होल्यूशन' लिही आणि एंटर मार. याने तुमच्या अचीव्हमेंट बंद होत नाहीत, घाबरू नका. एक आकडा दिसतो, ० ते १ मधला. किडे किती 'उत्क्रांत' झालेत त्याचा हा आकडा. सोबत तो कशामुळे वाढला याची टक्केवारीही येते: वेळ, प्रदूषण आणि पाडलेली घरटी.

हा आकडा साधारण ०.२ च्या पुढे गेला की मध्यम किडे दिसू लागतात. ०.५ ला मोठे आणि ०.९ ला ते राक्षसी बेहेमथ.

भावाचा आकडा होता ०.३४. आणि त्यात जवळपास निम्मा वाटा पाडलेल्या घरट्यांचा!

"किती घरटी पाडलीस रे?"

"मोजली नाहीत. शंभराच्या वर असतील. नकाशाभर साफसफाई केली ना."

इथेच गोम होती. भिंतीवर चालून आलेले किडे कितीही मारा, त्याने हा आकडा एका कणानेही वाढत नाही. पण घरटं पाडलं की वाढतो. सुरुवातीला एका घरट्यामागे ०.००२. प्रदूषणाच्या एका युनिटमागे वाढ आहे ०.००००००९. भागाकार करून बघा: एक घरटं पाडणं म्हणजे सुमारे २,२०० युनिट धूर सोडण्याइतकं. एक बॉयलर पूर्ण भाराने मिनिटाला ३० युनिट सोडतो. म्हणजे एक घरटं पाडलं की एक बॉयलर सवा तास चालवल्याचा हिशोब चढला. भावाने नकाशाच्या दुसऱ्या टोकाची, ज्यांच्यापर्यंत धूर पोचतच नव्हता अशी घरटीसुद्धा पाडली होती. त्यांचा त्याला काही त्रास नव्हता.

दिलासा एवढाच की आकडा जसा वाढतो तशी पुढची वाढ मंदावते. ०.५ ला पोचल्यावर त्याच घरट्याने फक्त ०.०००५ वाढतो.

आणि गोळ्या का लागत नव्हत्या? साध्या पिवळ्या मॅगझिनच्या गोळीचा मार ५. मध्यम किड्याचं कवच प्रत्येक गोळीतून आधी ४ वजा करतं आणि उरलेल्यातले १० टक्के खातं. उरलं किती? ०.९. त्याची ताकद ७५. म्हणजे अपग्रेड नसेल तर एका किड्याला ८० च्या वर गोळ्या. लाल, म्हणजे पिअर्सिंग गोळीचा मार ८. त्यातून उरतात ३.६, म्हणजे साधारण २१ गोळ्या. कागदावर ५ आणि ८ मध्ये फार फरक दिसत नाही, भिंतीवर चौपट पडतो. भाऊ अजून पिवळ्यावरच होता.

हे ऐकताना मला आमची कपाशी आठवली

आमच्याकडे मिरची आणि कपाशी. २०१७ चा हंगाम महाराष्ट्रातला कुठलाही कापूसवाला विसरणार नाही. बोंड वरून हिरवंगार, फोडलं की आत गुलाबी बोंडअळी. बीटी कपाशी भारतात २००२ मध्ये आली ती बोंडअळीवरचा उपाय म्हणून. बोंडअळीला मारणारं विष झाडातच. पण सगळ्या शिवारात एकच विष ठेवलं तर त्यातून वाचणारी जी थोडी अळी असते, तिचीच पिल्लावळ पुढे वाढते. म्हणून बियाण्याच्या पाकिटासोबत नॉन-बीटीची छोटी पुडी यायची. आपल्याकडे तिला 'रेफ्युजी' म्हणायचे. कडेला पाच ओळी किंवा २० टक्के क्षेत्र, यातलं जे जास्त असेल तेवढं साधं लावायचं. तिथल्या साध्या अळ्यांचा विष पचवणाऱ्या अळ्यांशी संकर व्हावा आणि ती ताकद पसरू नये, हा हेतू.

आमच्या घरी ती पुडी कोपऱ्यात पडून असायची. अण्णा म्हणायचे, "अळीसाठी कोण रान सोडतं?" फार जणांनी हेच केलं. २०१० च्या सुमारास गुजरातमधून पहिल्या बीटीला गुलाबी बोंडअळी दाद देत नसल्याच्या बातम्या आल्या आणि काही वर्षांत ती आपल्या बांधावर आली.

गेम आणि शेत एकच नाही, हे मान्य. शेतात उरलेल्या अळीमुळे ताकद वाढते, गेममध्ये घरटं पाडल्याचा सरळ दंड बसतो. शेतात सेव्ह फाईलही नसते. पण एक धडा दोन्हीकडे आहे. शत्रू आपल्या वागण्याला उत्तर देतो. 'सगळं साफ करून टाकू' या हट्टाची किंमत असते, आणि ती नंतर येते.

आता किल्ल्या एकेक करून

नवा गेम सुरू करताना नकाशा बनवायची स्क्रीन येते. तिथे शत्रूंचा वेगळा टॅब आहे. काय दुखतंय त्यावरून किल्ली निवडा.

'बस्तान बसायच्या आधीच हल्ले येतात.' मग सुरुवातीचं सुरक्षित क्षेत्र मोठं करा, १५० किंवा २०० टक्के. त्या वर्तुळात घरटी नसतात. आणि झाडीचा नकाशा निवडा. झाडं धूर पितात, वाळवंट फारसं पीत नाही. नवख्या माणसाने वाळवंटात सुरुवात केली तर धूर सरळ घरट्यांवर जातो.

'हल्ले झेपतात, पण संख्या फार आहे.' घरटी धूर शोषतात आणि त्या बदल्यात हल्लेखोर पाठवतात. लहान किड्याची किंमत ४ युनिट, मध्यमची २०, मोठ्याची ८०, बेहेमथची ४००. वाटेत काहीच शोषलं गेलं नाही असं धरलं तर एका बॉयलरच्या मिनिटाभराच्या धुरात सात लहान किडे. पुढच्या, प्रगत सेटिंग्जच्या टॅबमध्ये हल्ल्याची किंमत बदलता येते. १०० ची २०० टक्के केली की तेवढ्याच धुरात निम्मे किडे. माझ्या मते ही सगळ्यात चांगली किल्ली आहे, कारण धूर आणि हल्ला यांचं नातं तसंच राहतं, फक्त भाव बदलतो.

'किडे फार लवकर मोठे होतात.' इथे उत्क्रांतीचे तीन आकडे दिसतील: वेळ ४०, घरटी २००, प्रदूषण ९. तुम्ही आठवड्यातून दोनदा, सावकाश खेळणारे असाल तर वेळेचा आकडा २० करा, नाहीतर शून्य. नुसतं बसून विचार करण्याचा दंड कशाला भरायचा? प्रदूषणाचा आकडा मात्र शक्यतो राहू द्या. फॅक्टरी वाढली की शत्रू वाढतो, यातच गेमची गंमत आहे.

'साफ केलेल्या जागी परत येऊन बसतात.' हे विस्ताराचं सेटिंग. मूळ आकड्यांवर दर ४ ते ६० मिनिटांनी ५ ते २० किड्यांची टोळी नवी वस्ती करायला निघते. उत्क्रांती वाढली की हे अंतर कमी होत जातं. समोरची खूण काढली की विस्तार बंद. तयार सेटिंग्जमध्ये 'रेल वर्ल्ड' नावाचा पर्याय आहे, त्यात विस्तार बंदच असतो आणि वेळेचा आकडा २० असतो. दूरवर रेल्वे टाकायची आवड असेल तर डोळे झाकून हाच घ्या.

'मला लढायचंच नाही.' मग पीसफुल मोड आहे: तुम्ही छेडल्याशिवाय किडे काही करत नाहीत. आणि २.० पासून शत्रू अजिबात नकोत असाही पर्याय आलाय.

एक किल्ली मात्र लावू नका. पहिल्याच खेपेला 'डेथ वर्ल्ड' निवडू नका. मित्र चिडवतात म्हणून तर मुळीच नाही. 'ईझीवर खेळतो' म्हणणारे बरेच भेटतील. ही सेटिंग्ज बनवणाऱ्यांनीच पहिल्या स्क्रीनवर ठेवलीत, कुणाच्या खिशातून चोरलेली नाहीत.

गेम आधीच सुरू असेल तर

भावाचं तेच होतं. चालू गेममध्ये कन्सोल कमांडने हे आकडे बदलता येतात, पण त्या सेव्हच्या अचीव्हमेंट बंद होतात. त्याला त्या हव्या होत्या. म्हणून सेटिंगला हात न लावता चार गोष्टी केल्या.

एक, नकाशावर प्रदूषणाचा लाल ढग चालू करून बघितला. ढगाच्या आतली घरटी तेवढी पाडायची. बाहेरच्यांना नमस्कार.

दोन, सगळ्या टरेटमध्ये लाल मॅगझिन, आणि पट्ट्यावरून आपोआप पोचेल अशी सोय. गोळ्यांची ताकद वाढवणारं संशोधन सगळ्यात आधी.

तीन, खाणीच्या इलेक्ट्रिक ड्रिलमध्ये एफिशियन्सी मॉड्यूल. ड्रिलला तीन खाचा असतात आणि पहिल्या दर्जाचं मॉड्यूल प्रत्येकी ३० टक्के वीज वाचवतं. बचतीची मर्यादा ८० टक्के, त्यामुळे तिसरं पूर्ण लागू पडत नाही. वीज कमी तसा धूर कमी: मिनिटाला १० युनिटवरून थेट २. एकाच बदलात पाचपट फरक.

चार, हे सगळं करायच्या आधी सेव्हची एक कॉपी. हे मी इंजिनिअर म्हणून सांगतोय, गेमर म्हणून नाही.

आठ दिवसांनी त्याचा मेसेज आला. हल्ले थांबले नव्हते, पण भिंत टिकली होती. "दादा, गेम अवघड नव्हता, मी आगाऊ होतो," असं लिहिलं होतं त्याने.

मोबाईलवाल्यांसाठी

लॅपटॉप नसेल तर अँड्रॉइडवर 'माइंडस्ट्री' बघा. फुकट आणि ओपन सोर्स आहे. तिथेही पट्टे, ड्रिल, टरेट सगळं आहे, पण शत्रू धुरामुळे येत नाहीत, लाटांनी येतात. स्वतःचा गेम सुरू करताना नियम बदलता येतात: दोन लाटांमधला वेळ वाढवा, किंवा लाटांचं घड्याळच बंद करा. आधी घड्याळ बंद ठेवून पट्टे शिका, मग चालू करा.

तर मंडळी, पुढच्या वेळी कुठलाही गेम 'फार अवघड' वाटला की डिलीटवर बोट जायच्या आधी एक प्रश्न विचारा: यातलं नेमकं काय मला जड जातंय? उत्तर एका वाक्यात आलं की किल्ली सापडलीच म्हणून समजा.

तुमचा इव्होल्यूशनचा आकडा किती, आणि त्यात घरट्यांचा वाटा किती, तो आम्हाला व्हॉइस नोट करून पाठवा. पुढच्या भागात रेल्वे सिग्नल. भेटूया!