उन्हाची शिंक

साकीनाक्याला खैरानी रोडवरच्या एखाद्या गाळ्यात भर दुपारी डोकावून बघा. आत ट्यूबलाइटचा मंद उजेड, लेथ मशीनची घरघर, पत्र्याखाली कोंडलेला उकाडा. जेवणाची सुट्टी होते, कारागीर एकेक करून चहाच्या टपरीकडे निघतात. त्यातला एखादा रस्त्यावर पाऊल टाकतो, डोळे बारीक करतो आणि सटासट दोन शिंका देतो. तिसरी येत नाही. ‘धूळ गेली नाकात,’ सोबतचा म्हणतो. पण धूळ तर सकाळपासून आतच होती. लोखंडाच्या भुशात चार तास न शिंकलेला माणूस नेमका बाहेर आल्यावर का शिंकला?

उजेडामुळे. अंधारातून एकदम लख्ख उन्हात आलं की काही जणांना हटकून शिंक येते. वैद्यकात तिला ‘फोटिक स्नीझ रिफ्लेक्स’ म्हणतात आणि साधारण १८ ते ३५ टक्के लोकांमध्ये ती आढळते, असे अंदाज आहेत. म्हणजे हा काही लाखात एखाद्याचा विकार नव्हे. तरीही ज्याला ती येते तो जन्मभर ‘मला सर्दीचा त्रास आहे’ असं सांगत हिंडतो, ॲलर्जीच्या गोळ्या खातो, याचं मला फार वाईट वाटतं.

आपल्याकडे ही गोष्ट पूर्वीपासूनच ठाऊक होती. साधारण सातव्या शतकातल्या वाग्भटाने ‘अष्टांगहृदया’च्या सूत्रस्थानात, चौथ्या अध्यायात, अडलेली शिंक मोकळी करण्याचे उपाय दिले आहेत: तीक्ष्ण धूर, अंजन, हुंगायची द्रव्यं, नस्य आणि त्यांच्याच रांगेत सूर्याकडे पाहणं. (सूर्याकडे थेट मात्र बघू नका, डोळ्याचा पडदा भाजतो. उजळ आभाळाकडे पाहिलं तरी काम होतं.)

ॲरिस्टॉटलच्या नावावर असलेल्या प्रश्नसंग्रहातही सूर्याच्या उष्णतेने शिंक येते मग विस्तवाच्या का नाही, असा प्रश्न आहे. सतराव्या शतकात फ्रान्सिस बेकनने उष्णतेचा हा मुद्दाच खोडून काढला. डोळे मिटून नाक उन्हात धरलं तर शिंक येत नाही, म्हणजे वाट डोळ्यांतून आहे. इतका साधा प्रयोग, पण त्यानंतरचा सगळा शोध याच वाटेने गेला.

चेहऱ्याची संवेदना मेंदूकडे नेणारी ट्रायजेमिनल नावाची नस आहे. तिच्या तीन शाखा: एक कपाळ आणि डोळ्याकडे, दुसरी गालाकडे, तिसरी जबड्याकडे. नाकाच्या आतली खाजही हीच नस मेंदूच्या बुंध्याशी पोचवते आणि तिथून शिंकेचा हुकूम सुटतो. डोळ्यात उजेडाचा लोंढा शिरला की दृष्टीच्या तारांमधला संदेश शेजारच्या या नसेत झिरपतो आणि मेंदूला वाटतं की नाकातच काहीतरी गेलं, असा एक तर्क आहे. झुरिकच्या संशोधकांनी २०१० साली अशा माणसांच्या मेंदूतल्या विद्युतलहरी तपासल्या, तेव्हा त्यांचा दृष्टीचा भाग उजेडाला इतरांपेक्षा जास्त उसळून प्रतिसाद देताना दिसला. मला हे दोन्ही तर्क एकमेकांना पूरक वाटतात.

ही शिंक घराण्यातून येते. आई किंवा वडील यांपैकी एकाला असली तर प्रत्येक मुलाला ती येण्याची शक्यता निम्मी. २०१० मध्येच सुमारे दहा हजार लोकांच्या जनुकांचा अभ्यास झाला आणि दुसऱ्या गुणसूत्रावरची एक जागा तिच्याशी जोडलेली सापडली. दिवाळीला सगळं घर जमलं की विचारून बघा: आजोबा, आत्या, चुलतभाऊ अशी साखळी निघेल.

उजेडाखेरीज शिंकेची इतरही निमित्तं आहेत. ब्युटी पार्लरमध्ये भुवयांचं थ्रेडिंग करताना दोरा केसाला लागला की काही बायकांना शिंक येते. भुवईची संवेदना नेणारी शाखा त्याच ट्रायजेमिनल नसेची. काहींना पोट भरलं की लागोपाठ तीन-चार शिंका येतात. १९८९ साली अशा एका कुटुंबाची नोंद वैद्यकीय नियतकालिकात आली. भाऊ, वडील, आजोबा, सगळ्यांचं तेच. मिसळीच्या तर्रीने नाक वाहतं ते वेगळं, तिथे तिखट थेट नसा चेतवतं. इथे पानात वरणभात असला तरी चालतो, पोट तुडुंब भरलं की पुरे.

घरातून निघताना कुणी शिंकलं की आपण चप्पल काढून बसतो, घोटभर पाणी पितो. माझा आपला एक अंदाज: जुन्या घरांचं माजघर अंधारं, ओसरीपलीकडे झगझगीत ऊन. उंबरठा ओलांडतानाच शिंक यावी, अशीच ती रचना होती. ज्या सुनेला ही शिंक वारशाने मिळाली असेल, तिला ‘अपशकुनी’ म्हणून किती ऐकून घ्यावं लागलं असेल!

शिंक नाक चिमटून दाबू नये. तिचा वेग अडवला तर मान आखडते, डोकं दुखतं असं चरकाने सांगितलंच आहे. २०१८ साली तर इंग्लंडमध्ये शिंक कोंडणाऱ्या एकाचा घसा आतून फाटल्याची नोंद झाली. येण्याआधीच थोपवायची तर वरच्या ओठावर, नाकाच्या बुडाशी बोट दाबून धरतात, काहींना त्याचा उपयोग होतो. जपायचं ते गाडी चालवताना. एक्स्प्रेसवेवरच्या भातण बोगद्यातून गाडी भरधाव उन्हात येते आणि शिंकताना डोळे मिटतात. उन्हाने शिंक येणाऱ्यांनी टोपी पुढे ओढावी, पुढच्या गाडीशी अंतर जास्त ठेवावं. लढाऊ वैमानिकांच्या बाबतीत या धोक्याचा १९९३ साली स्वतंत्र विचार झाला होता.

आणि डोळ्याचं ऑपरेशन ठरलं असेल तर आपल्याला उन्हाने शिंक येते हे भूल देणाऱ्या डॉक्टरांना आधीच सांगून ठेवा. गुंगीचं औषध शिरेतून देऊन डोळ्याभोवती इंजेक्शन देताना अशा काही जणांना झोपेतच जोराची शिंक येते, आणि त्या क्षणी सुई डोळ्यालगत असते.