उणे-उणे अधिक का होतं?

बालमित्रांनो, बीजगणितातली वजाबाकी आली की बरेच जण नियम घोकतात : कंसाबाहेर उणे असेल तर आतली सगळी चिन्हं बदलायची. आणि नेमकं शेवटचं चिन्ह बदलायचं राहून जातं! नियमामागचं कारण कळलं, की असं होत नाही. चला तर मग, किराणा दुकानात!

आपल्या वरोऱ्याकडे कापूस, सोयाबीन पिकतं. धानपट्टा तिकडे मूल-सिंदेवाहीकडे. तेव्हा तांदूळ विकतच घ्यायचा. एक किलो तांदळाचा भाव 'त' रुपये माना, तूरडाळीचा 'ड' रुपये. 'त' म्हणजे तांदूळ नव्हे बरं का, त्याचा भाव!

मागच्या महिन्यात ८ किलो तांदूळ आणि ३ किलो डाळ आणली. दुकानदारानं २० रुपये सूट दिली. बिल झालं ८त + ३ड − २०. या महिन्यात १० किलो तांदूळ, २ किलो डाळ आणि १५ रुपयांची पिशवी. बिल १०त + २ड + १५. भाव तेच. आई विचारते, "या खेपेला किती जास्त गेले?"

(१०त + २ड + १५) − (८त + ३ड − २०)

१०त − ८त = २त. २ड − ३ड = −ड. आता १५ आणि −२०. इथे −५ लिहाल तर फसाल! मागची २० रुपयांची सूट या वेळी मिळालेली नाही. म्हणजे खिशातून २० जास्त गेले, शिवाय पिशवीचे १५. एकूण ३५.

उत्तर : २त − ड + ३५. पुढे २त − ड = त असं मात्र करू नका; दोन्ही भाव वेगळे आहेत.

पडताळा घेऊ. त = ४०, ड = १०० धरा. बिलं ६१५ आणि ६००, फरक १५. आपल्या उत्तरातून ८० − १०० + ३५ = १५. जमलं! −५ लिहिलं असतं तर −२५ आलं असतं. पैसे गेले जास्त, आणि आईला सांगितलं असतं 'पंचवीस वाचले'!

१११४ साली जन्मलेल्या भास्कराचार्यांच्या 'बीजगणित' ग्रंथातही हेच आहे. अज्ञात राशींना त्यांनी यावत्तावत्, कालक, नीलक, पीतक अशी नावं दिली. लिहिताना नुसतं या, का, नी. कालक, नीलक, पीतक ही तर रंगांची नावं! सजातीय राशींचीच बेरीज-वजाबाकी करायची, विजातीय वेगळ्या ठेवायच्या; आणि वजा करायच्या राशीतलं धन ऋण होतं, ऋण धन होतं.

आता तुम्ही सोडवा : (६त − ड + १०) − (४त − ३ड − ५). उत्तर आलं की मनाचे भाव घालून पडताळा जरूर घ्या हं!