इशारा होता, बंदी नव्हती : 'ड्रेस' नावाच्या रिॲक्शनविषयी

30 नोव्हेंबर 2023 रोजी गाझियाबादहून औषधांच्या सुरक्षिततेबाबत एक छोटा इशारा निघाला. मेफेनॅमिक ॲसिड या वेदनाशामकामुळे 'ड्रेस सिंड्रोम' नावाची रिॲक्शन झाल्याच्या नोंदी प्राथमिक तपासणीत आढळल्या आहेत, तेव्हा डॉक्टरांनी आणि रुग्णांनी लक्ष ठेवावं, असा त्याचा मजकूर. काही दिवसांत तो वर्तमानपत्रांत आणि मोबाइलवर पोचला आणि पोचता पोचता त्याचा अर्थ बदलला. पाळीच्या दुखण्यावर वर्षानुवर्षं घेतलेली गोळी बंद झाली, विषारी निघाली, अशी बोलणी सुरू झाली. मेफ्टाल हे या औषधाचं घरोघर माहीत असलेलं नाव, त्यामुळे धास्तीही घरोघर पसरली. पण ज्यांना 'ड्रेस' या शब्दाची खरी गरज आहे, म्हणजे फिटच्या, युरिक ॲसिडच्या किंवा कुष्ठरोगाच्या गोळ्या नुकत्याच सुरू झालेले रुग्ण, त्यांच्यापर्यंत तो अजूनही नीट पोचलेला नाही. मला खरी काळजी त्यांची वाटते.

आधी बंदीचं बघू. गाझियाबादच्या राजनगर भागात इंडियन फार्माकोपिया कमिशनचं कार्यालय आहे. औषधाची शुद्धता कशी तपासायची, त्यात काय किती असावं, याची देशाची अधिकृत संहिता हे कमिशन तयार करतं. औषधांच्या दुष्परिणामांवर लक्ष ठेवणारा राष्ट्रीय कार्यक्रम जुलै 2010 मध्ये दिल्लीच्या 'एम्स'मधून सुरू झाला आणि एप्रिल 2011 मध्ये त्याचं केंद्र इथे आलं. देशभरच्या मेडिकल कॉलेजांमधून दुष्परिणामांच्या नोंदी इथे गोळा होतात, त्यांची छाननी होते आणि त्या स्वीडनमधल्या उप्सला इथे जागतिक नोंदसंग्रहात जातात. एखाद्या औषधाबाबत तीच तक्रार पुन्हा पुन्हा दिसली की इशारा निघतो. औषध बाजारातून काढण्याचा अधिकार या कमिशनला नाही. तो केंद्रीय औषध नियंत्रकांच्या यंत्रणेकडे असतो. मेफेनॅमिक ॲसिडच्या इशाऱ्यातही औषध थांबवा असं म्हटलेलं नव्हतं. लक्ष ठेवा आणि तसं काही दिसलं तर कळवा, एवढंच सांगितलं होतं. ज्या बाईने ही गोळी डॉक्टरांच्या सल्ल्याने अनेकदा घेतली आणि तिला कधी काही झालं नाही, तिने घाबरून जाण्याचं कारण नाही. मात्र हे औषध चिठ्ठीवर मिळणारं आहे. ते दुकानातून तोंडी मागून आणून डब्यात साठवण्याची आपली सवय चुकीचीच, इशारा असो वा नसो.

आता 'ड्रेस' म्हणजे काय ते. 'ड्रग रिॲक्शन विथ इओसिनोफिलिया अँड सिस्टेमिक सिम्प्टम्स' या लांबलचक नावातल्या आद्याक्षरांचा हा शब्द. औषधाची अशी रिॲक्शन, जिच्यात रक्तातल्या इओसिनोफिल नावाच्या पांढऱ्या पेशी वाढतात आणि त्वचेबरोबर शरीरातले अवयवही तडाख्यात सापडतात. 1996 मध्ये बोके, बागो आणि रुजो या फ्रेंच डॉक्टरांनी हे नाव सुचवलं. त्याआधी हाच आजार औषधागणिक वेगळ्या नावाने ओळखला जाई. फेनिटॉइनने झाला तर एक नाव, डॅप्सोनने झाला तर दुसरं. सुरुवातीला नावातला 'आर' हा 'रॅश'चा, म्हणजे पुरळाचा होता. पुढे काही रुग्णांत पुरळ अगदी थोडं आणि यकृताला इजा मात्र मोठी, असं दिसू लागलं, तेव्हा 'रॅश'च्या जागी 'रिॲक्शन' आलं. डॉक्टरांनी नाव बदललं ते 'हा फक्त त्वचेचा आजार आहे' हा समज मोडण्यासाठी. रुग्णांमध्ये तो समज अजून तसाच आहे.

सगळ्यांत घातक गैरसमज वेळेचा आहे. 'ही गोळी तर मी महिनाभर घेतोय, तिच्यामुळे व्हायचं असतं तर पहिल्याच दिवशी झालं असतं' हे वाक्य त्वचारोगाच्या ओपीडीत नेहमी ऐकू येतं. पित्त उठतं तेव्हा ते खरं असतं, काही मिनिटांत किंवा तासांत गांधी येतात. 'ड्रेस'चं तसं नाही. औषध सुरू झाल्यापासून साधारण दोन ते आठ आठवड्यांनी तो उगवतो. इतक्या दिवसांत गोळी अंगवळणी पडलेली असते, तिच्यावर कुणाचा संशय जात नाही.

त्यात आणखी एक फसगत होते. फिट आली म्हणून एखाद्याला कार्बामाझेपिन सुरू झालं असं धरा. चौथ्या आठवड्यात त्याला ताप येतो, घसा दुखतो, मानेला गाठी लागतात. हा ताप रिॲक्शनचाच असतो, पण दिसायला साध्या संसर्गासारखा. गल्लीतले डॉक्टर अँटिबायोटिक देतात. तिसऱ्या दिवशी अंगभर पुरळ येतं. घरचे म्हणतात, अँटिबायोटिक सोसलं नाही. ते थांबतं, खाजेवर सेट्रिझिन सुरू होतं आणि फिटची गोळी मात्र नेमाने सकाळ-संध्याकाळ चालूच राहते. खरं कारण दिवसातून दोनदा पोटात जात असतं. म्हणून अशा वेळी 'काल काय घेतलं' एवढंच विचारून चालत नाही. गेल्या दोन महिन्यांत कोणतं औषध नव्याने सुरू झालं आणि कोणत्या तारखेला, हे विचारावं लागतं. जुन्या चिठ्ठ्या आणि गोळ्यांच्या रिकाम्या पट्ट्या इथे रक्ताच्या तपासणीइतक्या कामाच्या ठरतात.

हा प्रकार नेहमी घडवणारी औषधं मोजकी आहेत. फिटसाठीची फेनिटॉइन, कार्बामाझेपिन, फेनोबार्बिटोन आणि लॅमोट्रिजिन, युरिक ॲसिडसाठीचं ॲलोप्युरिनॉल, कुष्ठरोगासाठीचं डॅप्सोन, सल्फाची काही औषधं, मुरुमांसाठीचं मिनोसायक्लिन, रुग्णालयात शिरेतून देतात ते व्हॅन्कोमायसिन, एचआयव्हीवरचं नेव्हिरापिन. क्षयरोगाच्या औषधांनीही होतो. मेफेनॅमिक ॲसिडसारखी वेदनाशामकं या यादीत बरीच खाली येतात. फिटच्या जुन्या औषधांबाबत सांगितला जाणारा अंदाज 1,000 ते 10,000 रुग्णांमागे एक असा आहे. म्हणजे आजार विरळच. पण ज्याला होतो त्याच्या जिवावर बेतू शकतं, मृत्यूचं प्रमाण 10 टक्क्यांपर्यंत सांगितलं जातं.

'पुरळच तर आहे, उष्णतेने उठलं असेल.' हेही वाक्य ओळखीचं. पुरळ सुरुवातीला गोवरासारखं दिसतं, चेहरा, छाती, पाठ, दंड असं उतरत जातं. गोऱ्या रुग्णांची छायाचित्रं पाहून तयार झालेली पुस्तकं 'लाल' म्हणतात. आपल्या सावळ्या कातडीवर ती लाली कित्येकदा दिसतच नाही. जांभळट, काळपट झाक येते, हात फिरवला की खरखरीत लागतं, नंतर कोंडा सुटतो. म्हणून रंगापेक्षा चेहरा बघावा. कपाळ आणि पापण्या सुजतात, कानाच्या पाळ्या जाड होतात, नेहमीचा माणूस ओळखू येऊ नये असा चेहरा होतो. नव्या गोळीवर असलेल्या माणसाला ताप, पुरळ, सुजलेला चेहरा आणि मानेत किंवा काखेत गाठी, हे एकत्र दिसलं तर त्याच दिवशी रुग्णालय गाठावं. उद्यावर टाकू नये. कारण आत सर्वाधिक मार यकृताला बसतो, ॲलोप्युरिनॉलच्या बाबतीत मूत्रपिंडालाही बसतो. फुप्फुस आणि हृदय सापडल्याची उदाहरणंही आहेत. कावीळ डोळ्यांत दिसेपर्यंत थांबणं म्हणजे फार उशीर.

हा आजार संसर्गाने पसरत नाही. घरातल्या मुलांना दूर ठेवण्याची गरज नाही. औषध बनावट होतं किंवा डोस जास्त झाला म्हणून हा होतो, असंही नाही. चांगल्या कंपनीचं, मुदतीतलं, योग्य मात्रेतलं औषधही हे करू शकतं, कारण दोष त्या माणसाच्या प्रतिकारशक्तीच्या त्या रेणूला ओळखण्याच्या पद्धतीत असतो. त्यात आनुवंशिक भाग आहे. कुष्ठरुग्णांत डॅप्सोनमुळे होणाऱ्या अशा रिॲक्शनचा संबंध एचएलए-बी 13:01 या जनुकीय खुणेशी असल्याचं चीनमधल्या संशोधकांनी 2013 मध्ये दाखवलं. ॲलोप्युरिनॉलसाठी एचएलए-बी 58:01 ही खूण ओळखली जाते. म्हणून सख्ख्या भावाला किंवा बहिणीला असं झालं असेल, तर तेच औषध घेण्यापूर्वी डॉक्टरांना ते आवर्जून सांगायला हवं.

नावातल्या इओसिनोफिलभोवतीही गोंधळ आहे. सीबीसीच्या रिपोर्टवर इओसिनोफिलसमोर टक्का छापलेला असतो आणि तो पाहून काहीजण घाबरतात, काहीजण निश्चिंत होतात. टक्क्याने पुरतं कळत नाही. एकूण पांढऱ्या पेशी 14,000 आणि इओसिनोफिल 12 टक्के असतील, तर प्रत्यक्ष संख्या 1,680 होते. साधारणपणे ती 500 च्या आत असते. निदानासाठी वापरल्या जाणाऱ्या 'रेजिस्कार' या गुणपद्धतीत 700 पासून एक गुण आणि 1,500 पासून दोन गुण मिळतात. पण आपल्याकडे जंत, दमा, ॲलर्जी, फायलेरिया यांनीही या पेशी वाढतात, त्यामुळे नुसता आकडा वाढला म्हणून 'ड्रेस' म्हणता येत नाही. उलट बाजूही तितकीच महत्त्वाची. पुरळ पाहून कुणी आधीच स्टिरॉइडचं इंजेक्शन दिलं असेल तर या पेशी खाली जातात आणि रिपोर्ट साळसूद दिसतो. काही रुग्णांत त्या वाढतच नाहीत. म्हणून सीबीसीसोबत यकृत आणि मूत्रपिंडाच्या तपासण्या मागाव्या लागतात, त्याही पुन्हा पुन्हा.

त्याच गुणपद्धतीमुळे डिस्चार्ज कार्डवर 'प्रॉबेबल ड्रेस' असा शेरा येतो. 4 किंवा 5 गुण म्हणजे 'प्रॉबेबल', 5 च्या वर 'डेफिनिट'. 'प्रॉबेबल' वाचून नातेवाइकांना वाटतं की डॉक्टरांनाच खात्री नव्हती, तेव्हा तीच गोळी पुन्हा घेऊन बघायला हरकत नाही. तसं कधीही करू नका. पुन्हा घेतलेल्या गोळीने रिॲक्शन आधीपेक्षा लवकर आणि जास्त जोराने येऊ शकते. नात्यातल्या औषधांचंही तेच. फेनिटॉइन, कार्बामाझेपिन आणि फेनोबार्बिटोन यांची रेणूरचना जवळची असल्याने एकाने त्रास झाला तर दुसऱ्यानेही होण्याची शक्यता बरीच असते. म्हणून कार्डावर औषधाचं मूळ नाव ठळक लिहून घ्यावं. ब्रँडचं नाव पुरेसं नाही, कारण दुसऱ्या दुकानात तेच औषध दुसऱ्या नावाने हातात पडतं.

मग पुरळ दिसताच गोळी स्वतःच बंद करायची का? संशयित औषध थांबवणं हा उपचाराचा पहिला भाग आहे, पण फिटचं औषध अचानक सोडलं तर फिट आवरता न येण्याचा धोका असतो. म्हणून पुढचा डोस घेण्याआधी डॉक्टरांना गाठावं, म्हणजे ते जुनं औषध थांबवून त्याच वेळी दुसऱ्या गटातलं औषध सुरू करतील. कुष्ठरोगाबाबतही डॅप्सोन थांबलं म्हणजे उपचार संपले असं नाही, उरलेल्या औषधांची पर्यायी योजना आहे. सरकारी आरोग्य केंद्रांत या गोळ्या मोफत मिळतात. रिॲक्शनच्या भीतीने त्या अर्धवट टाकणाऱ्याच्या नसांचं नुकसान मात्र भरून येत नाही.

'औषध थांबलं, दोन दिवसांत उतरेल' हीदेखील चुकीची समजूत. औषध थांबल्यावरही 'ड्रेस' आठवडेच्या आठवडे रेंगाळतो, मध्येच पुन्हा उसळतो. स्टिरॉइड लागलं तर ते हळूहळू, अनेकदा काही महिने घेऊन कमी करावं लागतं, नाहीतर पुरळ आणि यकृताची सूज दोन्ही परततात. बरं वाटल्यावर काही महिन्यांनी थायरॉइडचा विकार किंवा मधुमेह सुरू झाल्याची उदाहरणंही आहेत. म्हणून अशा रुग्णाने पुढचं वर्षभर तरी तपासण्या सोडू नयेत.

शेवटचा गैरसमज नोंदीचा. दुष्परिणाम कळवणं हे डॉक्टरांचं काम, आणि तेही सिद्ध झाल्यावरच, असं बहुतेकांना वाटतं. संशय पुरेसा असतो आणि रुग्ण स्वतः किंवा त्याचे घरचेही कळवू शकतात. रुग्णाची ओळख गुप्त ठेवली जाते. रुग्ण कोण, संशयित औषध कोणतं, त्रास काय झाला आणि कळवणारा कोण, एवढं किमान सांगावं लागतं. ग्राहकांसाठीचा अर्ज मराठीतही आहे. मुंबईच्या केईएमसारख्या मोठ्या रुग्णालयांतल्या औषधशास्त्र विभागात नोंदणी केंद्रं आहेत. मेफेनॅमिक ॲसिडचा तो इशारा अशाच नोंदी जमल्यामुळे निघाला. तेव्हा घरात कुणाला नवं औषध सुरू होईल त्या दिवशी गोळ्यांच्या खोक्यावर तारीख लिहा, आणि पुढच्या दोन महिन्यांत असं काही घडलं तर रुग्णाला डॉक्टरांकडे पोचवल्यावर गाझियाबादलाही कळवा. टोल फ्री क्रमांक 1800-180-3024. कामाच्या दिवशी, सोमवार ते शुक्रवार तो चालू असतो.