सोळा गुंठ्यांचे करायचे काय?

पिंपळे सौदागर हे नाव आज बहुतेकांना फ्लॅटच्या जाहिरातींमुळे ठाऊक आहे. पिंपरी-चिंचवड महानगरपालिकेतले हे उपनगर उंच इमारतींनी गजबजलेले आहे. पण महाराष्ट्रातल्या शेतजमिनीच्या अभ्यासात या गावाचे स्थान फार जुने आहे. पुण्याच्या कृषी महाविद्यालयाचे प्राचार्य डॉ. हॅरॉल्ड मॅन आणि त्यांचे सहकारी सहस्रबुद्धे, कानिटकर, ताम्हाणे यांनी या गावाची खातेनिहाय पाहणी केली आणि १९१७ साली ती पुस्तकरूपाने आली. दख्खनच्या एका खेड्याचा जमिनीच्या अंगाने इतका बारकाईने केलेला अभ्यास तोवर झालेला नव्हता.

त्यात निघालेले आकडे असे. १७७१ मध्ये या गावात सरासरी खाते चाळीस एकरांचे होते. १८१८ मध्ये, पेशवाई संपली त्या वर्षी, ते साडेसतरा एकरांवर आले होते. १९१४-१५ मध्ये उरले सात एकर. शिवाय हे सात एकरही एका जागी नव्हते. १५६ खातेदारांची जमीन सातशेहून अधिक तुकड्यांत विखुरलेली होती आणि त्यांतले ४६३ तुकडे एक एकराहून लहान होते. खालची जमीन एका भावाला आणि वरची दुसऱ्याला गेली तर वाटणी असमान होते, म्हणून प्रत्येक शेताची वाटणी व्हायची. विहीर असेल तर पाण्याच्या पाळ्याही वाटल्या जात.

या आकड्यांनी सरकार हलले. मुंबई इलाख्याचे शेतीसंचालक कीटिंग आधीपासूनच ‘परवडेल असे खाते’ ही कल्पना मांडत होते. १९२७ साली लहान धारकांविषयीचे विधेयक मुंबई विधिमंडळात आले. १० ऑक्टोबर १९२७ रोजी त्यावर बोलायला डॉ. बाबासाहेब आंबेडकर उभे राहिले. या विषयाचा त्यांचा अभ्यास नवा नव्हता. १९१८ मध्येच त्यांनी भारतातील लहान धारणांवर निबंध लिहिला होता. खाते लहान की मोठे हे एकरांवर ठरत नाही, त्या जमिनीवर किती भांडवल, अवजारे आणि माणसे लागली आहेत यावर ठरते, आणि खरी अडचण आहे ती शेतीवर पडलेल्या माणसांच्या भाराची, असे त्यांचे म्हणणे होते. विधिमंडळात त्यांनी पुढचा मुद्दा मांडला. वाटणीला बंदी घातली की शेत अखंड राहील, पण भाऊबंदांतले उरलेले सगळे भूमिहीन होतील. त्यापेक्षा मालकी ज्याची त्याच्याकडे ठेवा आणि लहान पट्ट्यांच्या मालकांना एकत्र कसायला लावा, सहकारी शेती आणा, असा पर्याय त्यांनी सुचवला.

ते विधेयक काही पार पडले नाही. वीस वर्षांनी मात्र तीच कल्पना कायदा होऊन आली. १९४७ चा मुंबईचा ६२ वा अधिनियम, धारण जमिनींचे तुकडे पाडण्यास प्रतिबंध आणि त्यांचे एकत्रीकरण करणारा. लोकांच्या तोंडी तो ‘तुकडेबंदी’. सरकारने प्रमाणभूत क्षेत्र ठरवायचे, त्याहून लहान तो तुकडा. असा तुकडा लगतच्या खातेदाराखेरीज कोणाला विकता येत नाही. नवा तुकडा पडेल अशी विक्री किंवा वाटणी करता येत नाही. केलीच तर ती रद्दबातल, आणि कब्जा घेणाऱ्याला जिल्हाधिकारी बाहेर काढू शकतात.

कायद्याचा दुसरा भाग एकत्रीकरणाचा. गावोगाव विखुरलेली शेते अदलाबदलीने एका ठिकाणी आणली गेली, सर्व्हे नंबर जाऊन गट नंबर आले. काही गावांत हे काम नेटके झाले. अनेक गावांत कागदावर गट एकाच्या नावे गेला आणि जमिनीवर नांगर दुसऱ्याचाच चालत राहिला. या घोळातून निघालेले दावे आजही तहसील आणि दिवाणी न्यायालयांत पडून आहेत. २०२३ साली शासनाला ‘सलोखा’ योजना काढावी लागली. एकाची जमीन दुसऱ्याच्या ताब्यात बारा वर्षे असेल तर एक हजार रुपये मुद्रांक आणि एक हजार रुपये नोंदणी शुल्कात अदलाबदलीचा दस्त करता येतो. ही योजना चांगली आहे. तिची गरज पडावी, हे मात्र एकत्रीकरणाच्या कामाबद्दल पुरेसे सांगून जाते.

आता कायद्याचा हेतू किती साधला ते पाहू. १९७०-७१ च्या कृषिगणनेत महाराष्ट्रात सुमारे ४९.५ लाख खाती होती, सरासरी खाते ४.२८ हेक्टरचे. २०१५-१६ मध्ये खाती झाली सुमारे १५३ लाख आणि सरासरी आली १.३४ हेक्टरवर. तुकडेबंदीचा कायदा या सगळ्या काळात लागू होता. म्हणजे वाटण्या थांबल्या नाहीत. त्या सातबाऱ्यावर चढायच्या थांबल्या.

हे कसे घडते ते एका साध्या हिशेबाने समजते. समजा, दोन एकर जिरायत आहे. आईवडील गेले, मागे तीन मुलगे आणि दोन मुली. दोन एकर म्हणजे ऐंशी गुंठे. पाच वारस, प्रत्येकी सोळा गुंठे. वारस नोंद होते, पाचही नावे सातबाऱ्यावर येतात. पण २०२३ च्या अधिसूचनेने राज्यातल्या बहुतेक जिल्ह्यांत प्रमाणभूत क्षेत्र जिरायतीला वीस गुंठे आणि बागायतीला दहा गुंठे ठरवले आहे. सोळा गुंठे हा तुकडा झाला. वाटप होणार नाही. पाचांची नावे ‘सामाईक क्षेत्र’ म्हणून एकाखाली एक राहणार. पीककर्ज हवे तर बाकीच्यांची संमती, विहीर पाडायची तर संमती.

अशा वेळी काय करायचे ते कायद्यात लिहिलेले आहे. ज्याला हिस्सा देता येत नाही त्याला रोख मोबदला द्यावा. कोणी जमीन घ्यायची आणि कोणी पैसे, यावर एकमत होत नसेल तर चिठ्ठ्या टाकाव्यात. तरतूद न्याय्य वाटते. पण कोरडवाहू दोन एकरांच्या घरात मोबदला द्यायला रोकड असते कुठे? मग प्रत्यक्षात वेगळेच घडते. बहिणींना हक्कसोडपत्रावर सही करायला सांगितले जाते. महाराष्ट्राने २२ जून १९९४ पासून मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत मुलाइतका हक्क दिला, देशभर तो २००५ मध्ये आला. हा हक्क मोलाचा आहे. पण हिस्सा काढून देताच येत नाही, हे कारण भावांच्या हाती आयते पडते आणि माहेर तुटू नये म्हणून बहीण सही करते. भाऊ आपसांत बांध घालतात, त्याचा कागद कुठेही नसतो. पुढच्या पिढीला हद्द दाखवणारा एकच पुरावा उरतो, बांधावरचा दगड. तो सरकवता येतो.

शेताची ही गोष्ट. शहराच्या कडेला तोच कायदा घरांच्या आड आला, आणि इथे त्याचा फटका सर्वांत गरीब गिऱ्हाइकाला बसला.

गावठाण वाढत नाही, शहरातला फ्लॅट परवडत नाही, तेव्हा रिक्षाचालक, कारखान्यातला कंत्राटी कामगार, खेड्यातून आलेली कुटुंबे एक-दीड गुंठा घेतात. गुंठा म्हणजे १,०८९ चौरस फूट, दोन खोल्या आणि पुढे थोडे अंगण. जमीन शेतीची, त्यामुळे एक गुंठ्याचे खरेदीखत नोंदवले जात नाही. मग दहा-बारा अनोळखी माणसे गोळा होतात आणि वीस गुंठ्यांचे एकच खरेदीखत करतात. दस्तात चतुःसीमा एकच, वीस गुंठ्यांची. कोणाचा प्लॉट कुठला, रस्ता कुठून, हे वेगळ्या स्टँप पेपरवर, हाताने काढलेल्या नकाशावर, साक्षीदारांच्या सह्यांनिशी. काहींच्या नशिबी तेवढेही नसते, नोटरीपुढे केलेले साठेखत आणि कुलमुखत्यारपत्र यावर घर उभे राहते. बँक कर्ज देत नाही, बांधकाम परवाना मिळत नाही. बारांपैकी एक वारला की त्याच्या चार वारसांची नावे सर्वांच्या सातबाऱ्यावर येतात. कुठे ‘इतर हक्क’ रकान्यात तुकडेबंदीविरुद्ध व्यवहाराचा शेरा बसतो.

सरकारला हे माहीत होते. २००१ मध्ये गुंठेवारी नियमितीकरणाचा कायदा आला, १ जानेवारी २००१ पूर्वीच्या बांधकामांसाठी. २०२१ मध्ये ही मर्यादा ३१ डिसेंबर २०२० पर्यंत पुढे नेली गेली. त्याच २०२१ च्या जुलैमध्ये नोंदणी महानिरीक्षकांच्या परिपत्रकाने तुकड्यांची दस्तनोंदणी रोखली. म्हणजे एका खात्याने जुनी घरे पदरात घेतली आणि दुसऱ्याने नवे दस्त अडवले. ५ मे २०२२ रोजी उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने ते परिपत्रक रद्द केले, पण दुय्यम निबंधकांच्या दारातली अडचण त्याने संपली नाही. दरम्यान २०१७ च्या दुरुस्तीने बाजारमूल्याच्या पंचवीस टक्क्यांपर्यंत रक्कम भरून जुने व्यवहार नियमित करायची वाट दिली होती. ज्याने उसनवारीवर गुंठा घेतला तो आणखी चौथा हिस्सा कुठून आणणार? फार थोडे लोक पुढे आले. २०२४ मध्ये ती रक्कम पाच टक्क्यांवर आली. नोव्हेंबर २०२५ च्या अध्यादेशाने १५ नोव्हेंबर १९६५ ते १५ ऑक्टोबर २०२४ या काळातले, निवासी आणि अन्य अकृषिक वापराच्या क्षेत्रातले तुकडे विनाशुल्क नियमित करण्याचे ठरवले.

हा निर्णय योग्य आहे आणि तो फार उशिरा आला. पण दंड माफ करून मूळ प्रश्न सुटत नाही, आणि इथे पुन्हा पिंपळे सौदागरकडे पाहावे लागते.

तिथल्या मोठमोठ्या गृहसंकुलांची जमीन कोणी वाटून घेतली आहे का? नाही. महाराष्ट्राचा १९७० चा अपार्टमेंट मालकीचा कायदा तर सांगतो की सामाईक क्षेत्र अविभक्तच राहील, त्याच्या वाटपाचा दावा आणता येणार नाही. तरीही प्रत्येक फ्लॅट स्वतंत्रपणे विकता येतो, गहाण ठेवता येतो, वारसाला देता येतो. सहकारी गृहनिर्माण संस्था असेल तर १९६० च्या सहकार कायद्याखाली भागपत्र मिळते, वार्षिक सभा होते, हिशेब तपासले जातात, तक्रार उपनिबंधकांकडे जाते. बिल्डरने जमीन संस्थेच्या नावे केली नाही तर १९६३ च्या कायद्यात २००८ मध्ये केलेल्या दुरुस्तीने मानीव अभिहस्तांतरण करून घेता येते. या कायद्यांतही त्रुटी आहेत, जमीन नावावर नसलेल्या संस्था असंख्य आहेत. पण अविभक्त जमिनीवर एकेकाचा सुरक्षित हक्क कसा बसवायचा, याचे उत्तर याच राज्याने शहरासाठी शोधले.

शेतातल्या पाच भावंडांना आणि वीस गुंठ्यांतल्या बारा घरांना ते उत्तर कोणी दिले नाही. त्यांना वाटू नका म्हटले, आणि एकत्र कसे राहायचे याची एकही व्यवस्था दिली नाही. १९५९ च्या जानेवारीत नागपूरला काँग्रेसने सहकारी शेतीचा ठराव केला, मालकी ज्याची त्याच्याकडे ठेवून जमीन एकत्र कसण्याचा, पण त्याला विरोध झाला आणि विषय मागे पडला. आंबेडकरांचा मुद्दाही तोच होता. माझे ठाम मत आहे की कुटुंबाच्या सामाईक सातबाऱ्याला गृहनिर्माण संस्थेसारखे कायदेशीर रूप मिळाले पाहिजे. प्रत्येक वारसाचा, बहिणीचासुद्धा, हिस्सा गुंठ्यांत नोंदलेला असावा, त्यावर कर्ज मिळावे, आणि बांध घालावा लागू नये. नियमितीकरणाबरोबर मोजणीही विनाशुल्क झाली पाहिजे. मोजणी न होता शेरा गेला तर बारा घरांची भांडणे तशीच राहतील.

ज्यांनी गुंठा घेतला आहे त्यांनी दस्त, स्टँप पेपरवरचा नकाशा आणि सातबारा घेऊन तलाठ्याकडे अर्ज करावा. आणि जे आता घेणार आहेत त्यांनी विसार देण्यापूर्वी झोन दाखला मागावा. जमीन शेती विभागात असेल तर ही माफी तिला लागू नाही, आणि १५ ऑक्टोबर २०२४ नंतरच्या खरेदीलाही नाही.