अलेक्सिस : एका राखणदाराचे ग्रीक नाव

नामवेध – लेखांक सहावा

धारगळच्या माणसाला कोलवाळचा पूल ओलांडून बार्देशात उतरावयास आज फारसा वेळ लागत नाही. परंतु नावांचा मागोवा घेणाऱ्याच्या दृष्टीने शापोरा नदीचे ते पात्र दिसते त्याहून पुष्कळच रुंद आहे, कारण त्याच्या दक्षिणेचा मुलूख १५४३ सालीच पोर्तुगीजांच्या अंमलाखाली गेला, तर उत्तरेचा पेडणे महाल १७८८ पर्यंत सावंतवाडीकर भोसल्यांच्याच दप्तरात राहिला, आणि या अडीच शतकांच्या अंतराचा हिशेब दोन्ही तीरांवरच्या बारशांनी आजतागायत सांभाळून ठेवला आहे. इकडे पंढरी, रवळू, विठू. तिकडे पेद्रू, आंद्रे, फिलिप, आलेक्सो. ही पलीकडची नावे आपण सरसकट ‘पोर्तुगीज’ म्हणून बाजूला सारतो. वस्तुतः ती पोर्तुगालने लॅटिनातून आणि लॅटिनाने ग्रीकांतून उसनी घेतलेली आहेत, आणि त्यांचे मूळ अर्थ उकलू लागले की नदीचे पात्र एकाएकी अरुंद होते. पेद्रू म्हणजे ग्रीक पेत्रोस, अर्थात पाषाण. आपल्याकडे आधीची मुले दगावली म्हणजे पुढच्या मुलाला दृष्ट लागू नये म्हणून धोंडू किंवा दगडू म्हणत असत. तेव्हा कोलवाळचा पेद्रू आणि धारगळचा धोंडू हे नाव ठेवण्यामागची कारणे निराळी असूनही अर्थाने एकमेकांचे सख्खे नामबंधू ठरतात.

आजच्या लेखांकाला मात्र मी त्या चौघांतला शेवटचा निवडला आहे. कागदोपत्री आलेक्सो, पोर्तुगीज उच्चारात अलेइशु, मूळ ग्रीकात अलेक्सिस किंवा अलेक्सिओस. अलेक्सिस हे रूप आज जगात मुलालाही ठेवतात आणि मुलीलाही. मराठी घरांत ते क्वचितच ऐकू येते, आणि तरीही त्याच्या धातूशी आपला जितका निकटचा संबंध आहे तितका फारच थोड्या परकीय नावांशी असेल.

ग्रीक भाषेत ‘अलेक्सो’ या क्रियापदाचा अर्थ आहे आलेले संकट परतवणे, दूर ठेवणे, आणि त्या योगे कोणाचा तरी बचाव करणे. तौलनिक भाषाशास्त्राने हे क्रियापद आणि आपला संस्कृत ‘रक्ष्’ धातू एकाच मूळ धातूची संतती मानली आहेत. ग्रीक शब्दाच्या आरंभीचा ‘अ’ हा मूळ भाषेतील एका लुप्त कंठ्य वर्णाचा अवशेष होय, जो संस्कृतात निःशेष झाला. आणि ‘ल’च्या जागी ‘र’ का, याचे नवल र-ल यांचा अभेद मानणाऱ्या आपल्या व्याकरणपरंपरेत वाढलेल्या वाचकाला वाटण्याचे कारण नाही. तेव्हा अलेक्सिस म्हणजे रक्षण करणारा किंवा करणारी. आणि आपल्या मुलखातल्या रोजच्या शब्दात सांगायचे तर राखणदार.

हा शब्द पेडण्याच्या वाचकाला कोशात पाहावा लागणार नाही. गावच्या शिवेवर, माडाबागायतीच्या कडेला अथवा घाटीच्या तोंडाशी त्याची लहानशी घुमटी किंवा नुसताच एक शेंदरी पाषाण असतो. खांद्यावर घोंगडी, हातात दांडा आणि पायांत चामड्याच्या वाहणा अशा वेषात तो रात्री गावाला फेरी घालतो अशी श्रद्धा आहे. त्याला रोट चढवतात, नवस फेडताना वाहणांचा नवा जोड आणून ठेवतात, आणि काही महिन्यांनी त्या वाहणांचे तळवे झिजलेले दिसले तर राखण चोख चालली आहे असे समजून जाणती माणसे निर्धास्त होतात. ग्रीकांनाही अशी दैवते होती. हेराक्लीस आणि अपोलो यांना ते ‘अलेक्सिकाकोस’, म्हणजे अरिष्टनिवारक, म्हणत. अथेन्समध्ये इसवी सनापूर्वी ४३० च्या सुमारास युद्धाच्या ऐन धामधुमीत जी भयंकर साथ पसरली ती अपोलोने थांबवली म्हणून त्याला ही पदवी मिळाली, असे प्रवासवर्णनकार पाउसानियसने नमूद करून ठेवले आहे. विषावरच्या उताऱ्यालाही ग्रीक वैद्य याच धातूवरून ‘अलेक्सिफार्माकोन’ म्हणत, आणि निकांद्रोस नावाच्या कवीने अशा उताऱ्यांवर एक स्वतंत्र पद्यग्रंथच रचला. आपल्या वैद्यकात या शाखेचे नाव अगदतंत्र. धारगळला ११ डिसेंबर २०२२ रोजी अखिल भारतीय आयुर्वेद संस्थेचे केंद्र सुरू झाले. त्याच आयुर्वेदाच्या आठ अंगांपैकी अगदतंत्र हे एक.

आता प्रश्न लिंगाचा. हे नाव मुळात पुरुषाचे, आणि अलीकडे स्त्रियांनी ते बळकावले, असा एक समज पाश्चात्त्य देशांत रूढ आहे, आणि वरवर पाहता त्याला पुरावाही भरपूर आहे. इसवी सनापूर्वी चौथ्या शतकातला अथेन्सचा प्रहसनकार अलेक्सिस हा पुरुष होता, आणि तो शंभरी ओलांडून जगला व त्याने दोनशेहून अधिक नाटके लिहिली असे सांगतात. रोमन कवी व्हर्जिलच्या गोपगीतातला अलेक्सिस हा पुरुष. बायझंटाइन साम्राज्याच्या गादीवर बसलेले अलेक्सिओस नावाचे सम्राटही पुरुषच. आजच्या ग्रीसमध्येही ते पुरुषाचेच नाव आहे. २०१५ ते २०१९ या काळात तेथील पंतप्रधानपदी असलेले अलेक्सिस त्सिप्रास वाचकांना आठवत असतील. अमेरिकेत मात्र १९८१ साली सुरू झालेल्या ‘डायनॅस्टी’ या दूरचित्रवाणी मालिकेतील अलेक्सिस नावाची ठसकेबाज खलनायिका घरोघर पोहोचली, आणि शतक संपता संपता ते तिथे मुलींच्या अत्यंत लोकप्रिय नावांत जाऊन बसले. खलनायिकेचे नाव लोक हौसेने पोटच्या मुलीला ठेवतात, हा मनुष्यस्वभावाचा एक चमत्कारच म्हणावयाचा. आपल्याकडे मंथरेच्या वाट्याला हे भाग्य आलेले नाही.

परंतु या नावाच्या कुळाचा जुन्यातला जुना लेखी दाखला शोधू गेल्यास चित्र उलटे होते. ग्रीसमधील मायसीनी येथे इसवी सनापूर्वी तेराव्या शतकातल्या मातीच्या पाट्या सापडल्या. त्यांवरची ‘लिनियर बी’ ही लिपी १९५२ साली मायकेल व्हेंट्रिस या तरुण इंग्रज वास्तुशास्त्रज्ञाने उलगडली, आणि ज्या मजकुराविषयी विद्वानांनी नाना तर्क लढवले होते तो बहुतांशी राजवाड्याच्या कोठारांचा जमाखर्च निघाला. अशाच एका पाटीवर, स्त्रियांच्या नावांच्या यादीत, ‘अ-रे-क-स-द-र’ अशी अक्षरे आहेत. म्हणजे अलेक्सांद्रा. त्याच शतकाच्या आसपास आशिया मायनरमधील विलुसा या नगराचा राजा अलक्सांदू याने हित्ती सम्राटाशी केलेला तहनामाही उपलब्ध आहे, आणि ते नाव याच ग्रीक नावाचे रूप असावे असे बहुतेक अभ्यासक धरतात. तेव्हा पुरुषाची नोंद मागे आहे असे नव्हे. तथापि खुद्द ग्रीक भाषेच्या दप्तरात प्रथम हजेरी लागली ती बाईची. मग विसाव्या शतकातील मुलींनी हे नाव बळकावले असे न म्हणता माहेरी आणले असे म्हणणे मला अधिक न्याय्य वाटते. शिवाय राखण करणाऱ्याला स्त्री की पुरुष असे विचारण्याची चाल आपल्याकडे तरी कुठे आहे? गावाच्या एका अंगाला रवळनाथ आणि वेताळ असतात, दुसऱ्या अंगाला सातेरी, भूमिका आणि माउली. आणि गाऱ्हाणे घालणारा सर्वांना एकाच दमात हाक मारतो.

ग्रीक व्याकरणाचीही या बाबतीत थोडी साक्ष काढावयास हवी, कारण संस्कृत, मराठी आणि कोंकणी यांच्याप्रमाणेच त्या भाषेत तिन्ही लिंगे नांदतात. नामाच्या अंती ‘-ओस’ आला की बहुधा पुरुष, ‘-आ’ आला की स्त्री. परंतु ‘-इस’ हा प्रत्यय दोहोंकडे चालतो. ट्रॉयचा राजपुत्र पॅरिस हा पुरुष आणि वीर अकिलीसची आई थेटिस ही स्त्री, असे दोघेही त्याच अंत्याक्षरांवर निभावतात. गंमत अशी की तोच पॅरिस होमरच्या महाकाव्यात बहुतेक वेळा अलेक्सांद्रोस या दुसऱ्या नावाने वावरतो. आणि ज्याच्यापायी ट्रॉय नगर बेचिराख झाले, त्याला ‘जनांचा रक्षक’ म्हणावे यासारखा दैवदुर्विलास दुसरा नाही. त्याहून पुढची पायरी म्हणजे प्राचीन ग्रीसमध्ये काही स्त्रियांची नावे थेट नपुंसकलिंगीच असत: एपिक्युरसच्या उद्यानात तत्त्वचर्चा करणारी विदुषी लेओन्तिओन हिचे नाव व्याकरणदृष्ट्या ‘ते’ आहे. आधुनिक ग्रीक भाषेतही मुलगी म्हणजे ‘कोरित्सी’ आणि मुलगा म्हणजे ‘अगोरी’, दोन्ही नपुंसकलिंगी. गोव्याबाहेरच्या मराठी वाचकास हे विचित्र वाटेल. परंतु ज्याच्या घरात ‘तें चेडूं’ असे म्हणत मुली लहानाच्या मोठ्या झाल्या, त्याला त्यात काहीच वावगे दिसणार नाही.

हे नाव गोव्यात आणले ते एका संताने, आणि त्याची कथा मराठी माणसाला अर्धी ओळखीची वाटावी अशी आहे. रोममधल्या एका धनाढ्य सरदाराचा मुलगा विवाहाच्याच रात्री नववधूला सोडून घरातून निघून जातो, सीरियाच्या सीमेवरील एडेसा नगरात सतरा वर्षे भिक्षेवर राहतो, पुढे रोमला परततो आणि स्वतःच्याच बापाच्या वाड्यात जिन्याखाली अनोळखी भिकारी म्हणून आणखी सतरा वर्षे काढतो. त्याची ओळख पटते ती त्याच्या मृत्यूनंतर, हातातल्या चिठ्ठीवरून. ‘सावधान’ शब्द कानी पडताच बोहल्यावरून पळालेल्या जांबेच्या नारायणाची आठवण येथे कोणास होणार नाही? फरक आहे तो परतण्यात. आख्यायिकेप्रमाणे समर्थ चोवीस वर्षांनी दारी उभे राहिले तेव्हा त्यांनी आईला आपली ओळख दिली. आलेक्सो आईच्या दृष्टीसमोर वावरून मुका राहिला. मला स्वतःला समर्थांची रीत अधिक माणुसकीची वाटते. संशोधकांचे म्हणणे असे की या कथेच्या मूळ सिरियाक आवृत्तीत नायक निनावी आहे, त्याला केवळ ‘देवाचा माणूस’ म्हटले आहे. अलेक्सिओस हे नाव त्याला पुढे ग्रीक कथाकारांनी दिले. रोमच्या धर्मपीठाने १९६९ साली आपल्या सार्वत्रिक पंचांगातून त्याचा १७ जुलैचा सण वगळला, तरी सालसेतमधील कुडतरीचे १५९७ सालापासूनचे चर्च आणि बार्देशातील कळंगुटचे चर्च ही दोन्ही त्याच्याच नावाने उभी आहेत. त्याच सुमारास, १५९५ साली, गोव्याच्या आर्चबिशपपदावर आलेला पुरुषही याच नावाचा होता: आलेक्सो द मेनेझिस. केरळातील सिरियन ख्रिस्ती समाजाला रोमच्या आज्ञेखाली आणण्यासाठी १५९९ साली उदयंपेरूरची धर्मसभा भरवणारा आणि १६०६ साली जुन्या गोव्यात सांता मोनिका हा जोगिणींचा मठ स्थापणारा तो हाच. त्याच्या राखणीविषयी केरळातील सिरियन ख्रिस्त्यांचे मत निराळे असेल.

या कुळातले एक नाव तर गोव्याच्या चर्चांच्या कितीतरी आधी भारतीय लिपीत कोरले गेले. अशोकाच्या तेराव्या शिलालेखात ज्या पाच यवन राजांचा उल्लेख आहे त्यांतला शेवटचा ‘अलिकसुदर’, म्हणजे अलेक्सांद्रोस. हा जगज्जेता नव्हे, एपिरसचा अथवा कोरिंथचा त्याच नावाचा राजा. ‘अलेक्स’ म्हणजे रक्षक आणि ‘आंद्रोस’ म्हणजे आपला नर. जगज्जेत्याचे नाव पुढे अरबांकडे गेले तेव्हा त्यांनी आरंभीचा ‘अल’ हे आपल्या भाषेतले उपपद समजून तोडला, उरलेल्याचा इस्कंदर झाला, फारसी दरबारांतून तो सिकंदर होऊन मराठीत उतरला आणि नशीब ‘सिकंदर’ असल्याच्या गोष्टी आपण करू लागलो. मात्र त्या तोडातोडीत ‘अलेक्स’ची पहिली दोन अक्षरे गेली आणि रक्षक असा निखळला की आज सिकंदर म्हटल्यावर लढाईखेरीज काही आठवत नाही. उलट दिशेनेही वाहतूक होतीच. कार्ल्याच्या चैत्यगृहातील खांब दान करणारे यवन सिहधय आणि धंम अशी अस्सल देशी नावे लावतात, आणि नाशिकच्या लेण्यांत दान कोरून ठेवणारा उत्तरेकडचा यवन स्वतःला इंद्राग्निदत्त म्हणवतो. तेव्हा कुडतरीचा आलेक्सो परके नाव घेऊन बसला म्हणून त्याच्याकडे बोट दाखवण्यापूर्वी कार्ल्याचे खांब एकदा पाहून यावेत.

स्त्री-पुरुष दोघांना चालणारी नावे आपल्यातही आहेत, आणि ती कोणी ठरवून केलेली नाहीत. संस्कृतातला ज्योतिस् शब्द नपुंसकलिंगी. घरात तो ज्योती नावाची मुलगी होतो आणि वाडी रत्नागिरीच्या डोंगरावर जोतिबा. पंढरी हे गावाचे, व्याकरणाने स्त्रीलिंगी नाव पेडण्यात पुरुष निःशंक मिरवतो. शशी आणि किरण यांच्याबद्दल तर बोलायलाच नको. पत्रावर नुसते ‘किरण’ असेल तर श्रीयुत लिहावे की सौभाग्यवती, या पेचात आपल्यापैकी कोण पडला नाही? राव, बाई, बा, ताई ही उपपदे आपण नावाला जोडतो ती एका अर्थी याच सोयीसाठी. नावात लिंग उमटवण्याचा अट्टाहास कुठवर जातो याचे दुःखद उदाहरण मात्र सातारा जिल्ह्याने दाखवले. तिथे मुलगा हवा असताना जन्मलेल्या मुलींना ‘नकुसा’ म्हणत, आणि २०११ साली दोनशेहून अधिक मुलींची ही नावे शासकीय समारंभात बदलून द्यावी लागली.

अलेक्सिस हे नाव पेडण्यात कोणी नोंदवू गेले तर अडचण येण्याचे कारण नाही. जन्माच्या नोंदीत नावाचा रकाना वेगळा आणि लिंगाचा वेगळा असतो. पालकांनी अलेक्सिस, अलेक्सी की आलेक्सो हे मात्र आधीच पक्के करून जावे, कारण गोव्यात एकदा नोंदलेले नाव फिरवायचे म्हणजे १९९० च्या नामांतर कायद्याच्या सगळ्या पायऱ्या चढाव्या लागतात. जर्मनीत गोष्ट इतकी सोपी नव्हती. तेथील नोंदणी अधिकारी नावावरून लिंग कळलेच पाहिजे असा आग्रह धरीत असत, आणि भारतीय वंशाच्या एका बापाच्या मुलीचे नाव त्यांनी याच सबबीवर नाकारले. हवे तर सोबत निःसंदिग्ध असे दुसरे नाव जोडा, म्हणाले. प्रकरण पायरीपायरीने कार्ल्सरूए येथील संघीय घटना न्यायालयापर्यंत गेले, आणि ५ डिसेंबर २००८ रोजी न्यायालयाने असा निवाडा दिला की नावाने लिंग सांगितलेच पाहिजे असे कायद्यात कोठेही म्हटलेले नाही. ज्या नावासाठी हा सारा खटाटोप झाला ते अलेक्सिस नव्हे. ते होते किरण.

(पुढील लेखांकी : इनेस)