हिवाळ्यात हातचे गेलेले कंदाहार

कंदाहार म्हटले की आपल्याला १९९९ सालचे अपहृत विमान आठवते. पण सतराव्या शतकात हेच शहर दिल्ली आणि इस्फहान या दोन दरबारांची डोकेदुखी होऊन बसले होते. मुलतानहून इराणकडे जाणारा व्यापारी रस्ता इथूनच जाई. ज्याच्या हाती कंदाहार, त्याच्या हाती त्या रस्त्याची किल्ली.

जुने कंदाहार आजच्या शहराच्या पश्चिमेला, उघड्याबोडक्या डोंगराच्या पायथ्याशी होते. आता तिथे तटाचे अवशेष आणि मातीचे ढिगारे उरले आहेत. वरच्या कड्यावर ‘चिलझिना’ आहे. खडकात कोरलेल्या चाळीस पायऱ्या चढून गेले की एक छोटी कोनाड्यासारखी खोली लागते. दाराशी साखळदंडांनी बांधलेले दोन दगडी सिंह आणि आत बाबराच्या विजयांचा फारसी लेख. अकबराच्या काळात त्यात भरही पडली. मोगलांची ही फुशारकी आजही त्यांनी गमावलेल्या शहराकडे पाहत उभी आहे!

शहर सतत हात बदलत राहिले. १५९५मध्ये ते अकबराकडे आले, १६२२मध्ये शाह अब्बासने घेतले, तर १६३८मध्ये इराणी सुभेदार अली मर्दानखानाने ते शाहजहानच्या हवाली केले. दुसरा शाह अब्बास हा अपमान विसरला नाही. वय जेमतेम सोळा, पण डोके पक्के. १६४८च्या डिसेंबरमध्ये, ऐन थंडीत त्याने वेढा घातला. काबूलच्या खिंडी बर्फाने बंद, त्यामुळे कुमक येणार कुठून? इकडे शाहजहानच्या उमरावांना थंडीत कूच करण्याची हौस नव्हती. १६४९च्या फेब्रुवारीत किल्लेदार दौलतखानाने शहर सोडले.

मग मोगलांची धावाधाव सुरू झाली. १६४९ आणि १६५२ साली औरंगजेब गेला, १६५३मध्ये दारा शुकोह. तिन्ही वेढे फसले. तटाला खिंडार पाडण्याइतक्या दमाचा तोफखाना औरंगजेबाकडे नव्हता, तर इराणी तोफा अचूक होत्या. दाराने मोठ्या तोफा नेल्या. शिवाय त्याच्या छावणीत मांत्रिकही होते, असे त्या मोहिमेची तत्कालीन हकिकत सांगते. मंत्रांनी काही तट पडला नाही.

दुसऱ्या अपयशानंतर औरंगजेबाची रवानगी दख्खनच्या सुभेदारीवर झाली. त्यानंतरचा इतिहास मराठी वाचकाला सांगायला नको. दोष त्याच्या एकट्याचा नव्हता. माझ्या मते कंदाहार तोफांपेक्षा आधी दिल्लीच्या आळसाने घालवले.

पुढे १७३८मध्ये नादिरशहाने जुने शहर उद्ध्वस्त केले. आजच्या शहराचा पाया घातला तो अहमदशाह अब्दालीने, म्हणजे पानिपतावर मराठ्यांशी लढलेल्या त्याच अब्दालीने. त्याची अष्टकोनी कबर तिथेच आहे. मोगलांना मात्र कंदाहार पुन्हा कधीच मिळाले नाही.