गैरहजेरीत काढून टाकलेला दावा

सातारा किंवा सांगलीच्या दिवाणी न्यायालयात दावा पुकारल्यावर दोन्ही पक्षकार गैरहजर असले, तर दिवाणी प्रक्रिया संहिता, 1908 मधील आदेश 9, नियम 3 नुसार न्यायालय तो काढून टाकू शकते. मात्र हा हक्कांचा निवाडा नसल्याने, मुदत उरली असल्यास, वादीला नवा दावा लावता येतो. प्रतिवादी हजर आणि फक्त वादी गैरहजर असेल, तर परिणाम कितीतरी कठोर होतो: दाव्याचा जेवढा भाग प्रतिवादीने कबूल केलेला नसतो तेवढा फेटाळला जातो आणि त्याच वादकारणावर, म्हणजे ज्या घटनांतून दाव्याचा हक्क उपजला त्यांच्या आधारे, पुन्हा दावा लावता येत नाही. अशा वेळी 30 दिवसांत, गैरहजेरीचे पुरेसे कारण दाखवून, दावा पुनःस्थापित करण्याचा, म्हणजे पूर्ववत चालू करण्याचा, अर्ज द्यावा लागतो. एकत्र कुटुंबाच्या शेतजमिनीच्या वाटपाचा दावा मात्र याला महत्त्वाचा अपवाद आहे, कारण मिळकत सामाईक असेपर्यंत वाटप मागण्याचे कारण नव्याने उद्भवत राहते, असे न्यायालयांनी मानले आहे.